मदत हवी आहे : उरलेल्या तीन दिवसांत दुधाची फॅट (स्निग्धांश, टक्क्यांत) किती लागली पाहिजे?

गोठा_फलटण : डेअरीच्या १० दिवसांच्या बिलात सरासरी फॅट ३.५ भरली तर लिटरमागे १ रुपया जादा आहे. सात दिवसांची सरासरी ३.३ आलीय. उरलेले तीन दिवस किती लागली पाहिजे? लवकर सांगा, संध्याकाळची धार तोंडावर आलीय.

आकडेमोड : ३.५ × १० = ३५. त्यातून ३.३ × ७ = २३.१ वजा. उरले ११.९, भागिले ३. रोज ३.९७.

संकलन_केंद्र : रोज दूध सारखंच जातं का? नसेल तर हे उत्तर बाद. लिटर सांगा.

गोठा_फलटण : फॅटचं विचारलंय, लिटरचा काय संबंध? रोज ३० जात होतं. आजपासून एक गाय आटवली, आता २०.

संकलन_केंद्र : तोच तर संबंध. एकूण २७० लिटर × ३.५ = ९४५. जमा २१० × ३.३ = ६९३. बाकी २५२, भागिले ६० लिटर. ४.२ लागेल. आटत्या गाईची फॅट चढी असते, ती गेल्यावर उरलेल्यांची आणखी खाली येणार. आणि ते ३.३ काढलं कसं?

गोठा_फलटण : १४ पावत्यांची बेरीज भागिले १४. सकाळी १८ लिटर ३.१, संध्याकाळी १२ लिटर ३.५, रोज जवळपास हेच.

संकलन_केंद्र : घ्या! १८ × ३.१ अधिक १२ × ३.५ = ९७.८, भागिले ३०. खरी सरासरी ३.२६. जमा ६८४.६, बाकी २६०.४. आता ४.३४ लागेल.

कडबाकुट्टी : हिरवा चारा कमी करा, कडब्याची कुट्टी वाढवा, गाईमागे १०० ग्रॅम खाण्याचा सोडा. पेंड जास्त नि कडबा कमी झाला की पोटात आम्ल वाढतं आणि फॅट पडते.

सरकी_पेंड : पेंडीला नावं ठेवू नका. सरकीनेच फॅट चढते.

कडबाकुट्टी : रवंथच होत नसेल तर सरकी काय करणार?

संकलन_केंद्र : दोघांचंही तीन दिवसांत काही दिसत नाही, आठवडा तरी जातो. आज करण्यासारखं एकच : शेवटची धार पूर्ण काढा. सर्वांत दाट दूध तेच. वासराला पाजायचंय तर आधी पाजा, शेवटी नको. आणि नमुना घेण्याआधी कॅन पळीने वरखाली ढवळून घ्यायला लावा, साय वर राहिली की फॅट हमखास चुकते.

पाटीलबुवा : एवढं कशाला? १४ लिटर गाईचं ३.२ चं, त्यात ६ लिटर म्हशीचं ७ चं. बरोबर ४.३४.

संकलन_केंद्र : गणित बरोबर, धंदा बुडीत. म्हशीचं दूध गाईच्या दराने घालायचं? वर हंसा चाचणीत (गाईच्या दुधात मिसळलेलं म्हशीचं दूध ओळखणारी) सापडलं की भेसळ म्हणून दूध परत.

क्रिकेटवेडा : ब्रॅडमनला १९४८ साली ओव्हलवर शेवटच्या कसोटी डावात १०० च्या सरासरीसाठी ४ धावा हव्या होत्या. शून्यावर गेला. ६९९६ भागिले ७० = ९९.९४.

आकडेमोड : त्याच्या धावांना एसएनएफ (फॅट सोडून दुधातले बाकीचे घन घटक) लावत नाहीत. इथे ८.५ भरतोय का, ते कुणी विचारलं का?

गोठा_फलटण : ८.४ लागतोय, पण जादा रुपयाला फक्त फॅट बघतात. म्हणजे हे बिल गेलंच. २१ तारखेपासून नवं. तेव्हा तरी १० दिवसच धरू ना?

संकलन_केंद्र : महिना ३१ चा आहे. ११ धरा. आणि सकाळचे लिटर वेगळे लिहा.