'विचार करून निर्णय घ्यावा' म्हणजे नक्की काय? (आणि निवेदन की अभिवेदन?)

पाटीपेन्सिल: मामेभाऊ जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक. वेतननिश्चितीच्या वादात उच्च न्यायालयाचा आदेश आला, जेमतेम पानभर. सक्षम प्राधिकाऱ्याने त्याचं रिप्रेझेंटेशन (कार्यालयाकडे केलेली लेखी मागणी) 8 आठवड्यांत 'कन्सिडर अँड डिसाइड' करावं, गुणदोषांवर आणि कायद्यानुसार, याचिका निकाली. प्रत जोडून कार्यालयाला मराठीत पत्र द्यायचंय. मी 'निवेदन' लिहिलं, तर एक निवृत्त नायब तहसीलदार म्हणाले, 'अभिवेदन' लिही. शिवाय 'कन्सिडर'ला 'विचार करणे' म्हणू की 'विचारात घेणे'?

दप्तरदार: अभिवेदनच. निवेदन मंत्री सभागृहात करतात. नाहीतर दहा जण अधिकाऱ्याच्या टेबलाभोवती उभे राहून देतात आणि दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो येतो.

नदीकाठ: आणि गाण्याच्या कार्यक्रमात निवेदिका करते ते? :) आमच्याकडे अभिवेदन म्हटलं तर लोक अभिवादन समजतील. सरळ 'अर्ज' लिहा की.

शुद्धमती: अर्ज अरबी आहे. शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला तो कशासाठी?

नदीकाठ: ताई, कोश झाला, तरी पुढे पेशवाईच्या दप्तरात अर्ज राहिलाच. 'विनंतीअर्ज'मध्ये दोघं सुखाने नांदतात, त्यांना का वेगळं करता?

काळा कोट: अर्ज काय, अभिवेदन काय, पोहोच मिळाल्याशी कारण. खरी मेख 'विचार'मध्ये आहे. अशा आदेशात कोर्ट 'मागणी मान्य करा' म्हणत नाही, 'गप्प बसू नका' एवढंच म्हणतं. सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये श्रीनिवास रेड्डी प्रकरणात हा फरक सोलून सांगितलाय. 2008 च्या सी. जेकब प्रकरणात तर म्हटलंय, की अशा आदेशावरून उत्तर मिळालं म्हणून मुदत उलटलेला दावा जिवंत होत नाही. म्हणून पत्रात 'विचार करून सकारण निर्णय कळवावा' लिहा. नुसतं 'विचार व्हावा' लिहिलंत, तर 'विचार केला, मान्य करता येत नाही' अशी एक ओळ येईल.

पाटीपेन्सिल: 'सकारण' म्हणजे स्पीकिंग ऑर्डर, कारणं देणारा आदेश? एका भाषांतरात 'बोलका आदेश' वाचलं.

शुद्धमती: बोलका पोपट असतो. सकारणच.

दप्तरदार: का? 'बोलकं उदाहरण' चालतं ना? मला बोलका आवडतो. बाकीचे आदेश मुकेच असतात, 'आपली विनंती नियमात बसत नाही' आणि खाली सही. कोणता नियम ते विचारायचं नाही.

नदीकाठ: मला गंमत 'निकाली' शब्दाची वाटते. कोर्टात याचिका निकाली, मग कचेरीत अर्ज निकाली, आणि माणूस आहे तिथेच. निकाल लागणं वेगळं, निकालात काढणं वेगळं!

दप्तरदार: कचेरीत त्याहून भारी शब्द आहे, 'नस्तीबद्ध'. नस्ती म्हणजे फाइल, नस्तीबद्ध म्हणजे फाइलबंद. एकदा प्रकरण नस्तीबद्ध झालं की संपलं. मुदती होत्या आम्हाला, नव्हत्या असं नाही. 2005 चा विलंबाला प्रतिबंध करणारा अधिनियम, कलम 10. एका टेबलावर सर्वसाधारणपणे 7 कामाचे दिवस, दुसऱ्या विभागाकडे जायचं नसेल तर 45 दिवसांत निर्णय, जायचं असेल तर तीन महिने. म्हणून फाइल शेरा मारून पुढच्या टेबलावर ढकलायची. 'चर्चा करावी.' झाले 7 दिवस नव्याने सुरू.

काळा कोट: पत्रात हे कलमही टाका.

नदीकाठ: नस्ती कुठून आला? मला वाटतं बैलाच्या नाकातल्या दोरीवरून, वेसणीसारखं. कागदाला भोक पाडून दोरा ओवतात ना. हिंदीत नत्थी आहेच.

दप्तरदार: आम्ही म्हणायचो, न अस्ति. म्हणजे नाहीच.

शुद्धमती: असल्या कोट्यांनीच व्युत्पत्तिशास्त्राचं वाटोळं झालंय. निदान 'फाइल'पेक्षा नस्ती बरा, एवढं तरी मान्य कराल?

नदीकाठ: नाही. शिपायाला 'नस्ती आण' म्हणून बघा, तो विचारेल, नसती उठाठेव कशाला?