निळूभाऊंचा खलनायक इतका खरा का वाटतो?

कसबेकर: काल आजीसोबत 'सामना' सिनेमा पुन्हा पाहिला. निळूभाऊंचा हिंदुराव पडद्यावर आला की ती आजही पदर सावरून बसते. निळू फुले सिनेमात आले तरी कुठून?

पर्वतीकर: अहो, आपल्या पुण्यातलेच! सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करायचे. सेवा दलाचं कलापथक, लोकनाट्य आणि मग १९६८ साली 'एक गाव बारा भानगडी'. मला तर त्यांचं न ओरडणं भावतं. मान किंचित तिरकी, अर्धे मिटलेले डोळे, घशातून ओढत आलेला शब्द. अंगावर काटाच!

वानवडीची मीरा: सामाजिक कार्यकर्त्यांना मदत करणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. श्रीराम लागूंबरोबर नाटकाचे प्रयोगही केले त्यांनी. आजीला हे नक्की सांगा.

कसबेकर: सांगितलं. म्हणाली, "माणूस देवासारखा होता की मग!"