'लॉयलिस्ट'ला मराठीत काय म्हणायचं?

पाटीपेन्सिल
अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धावरच्या एका लेखाचं भाषांतर करतेय आणि दुसऱ्याच पानावर गाडी अडकलीय. १७७५ ते १७८३ च्या लढाईत वसाहतींतलेच जे लोक इंग्लंडच्या राजाच्या बाजूने राहिले ते लॉयलिस्ट. शब्दकोश म्हणतो 'राजनिष्ठ', पण तो टाकला की माणूस एकदम फेटा बांधून दरबारात उभा असलेला रावबहादूर दिसायला लागतो. 'निष्ठावंत' लिहावं तर हल्ली कुणालाही पक्षफुटीच आठवणार. सुचवा काहीतरी.

उंबरठा
फितूर! आपला हक्काचा शब्द आहे, किल्ले फितुरीनेच पडायचे, शाळेतल्या पोरालाही कळतो. एवढा काय विचार करायचा त्यात.

जुनी_वही
फितूर नाही चालणार हो. फितूर व्हायला आधी एका बाजूला असावं लागतं आणि मग गुपचूप दुसरीकडे जावं लागतं. बेनेडिक्ट अरनॉल्ड हा खरा फितूर, १७७७ ला साराटोगाला वॉशिंग्टनच्या बाजूने जिवावर उदार होऊन लढला आणि १७८० मध्ये वेस्ट पॉइंटचा किल्ला इंग्रजांना द्यायला निघाला. त्याला खुशाल फितूर म्हणा. पण बाकीचे बहुतेक लॉयलिस्ट कुठे गेलेच नव्हते, ते होते तिथेच राहिले, शेजारीपाजारी बदलले. कालपर्यंत सगळेच राजाची प्रजा होते ना. आणि देशद्रोही म्हणायचं तर ४ जुलै १७७६ च्या स्वातंत्र्यघोषणेआधी द्रोह करायला देश तरी कुठे होता?

त्यांचे विरोधक त्यांना 'टोरी' म्हणायचे, हा शब्द मुळात आयरिश, अर्थ लुटारू-दरोडेखोर असा. लॉयलिस्ट समोरच्यांना 'रिबेल' म्हणायचे म्हणजे बंडखोर, आणि समोरचे स्वतःला म्हणायचे पेट्रियट, म्हणजे देशभक्त. म्हणजे कुठलाही शब्द उचला, तो कुणाच्या तरी तोंडचा असतोच. आपल्याकडे १८५७ चं नाही का, गोडसे भटजींच्या लेखी ते 'बंड' आणि सावरकरांकडे आल्यावर 'स्वातंत्र्यसमर'.

उंबरठा
बरं, फितूर मागे घेतो. पण किती होते हे लोक? एक तृतीयांश इकडे, एक तृतीयांश तिकडे आणि बाकीचे कुंपणावर असं वाचल्याचं आठवतं.

जुनी_वही
ते स्वातंत्र्याच्या बाजूचा पुढारी जॉन ॲडम्स याच्या नावावर खपवलं जातं. त्याने १८१५ च्या एका पत्रात तसं लिहिलंय खरं, पण मागचंपुढचं वाचलं तर तो फ्रेंच क्रांतीबद्दल अमेरिकेत काय मतं होती ते सांगतोय, स्वातंत्र्ययुद्धाबद्दल नाही. तरी कित्येक वर्षं पुस्तकांतून ते फिरत राहिलं. १९६८ मध्ये पॉल स्मिथ या इतिहासकाराने लॉयलिस्ट पलटणींच्या नोंदींवरून हिशोब मांडला, तो गोऱ्या लोकसंख्येच्या साधारण एक पंचमांश येतो.

पाटीपेन्सिल
एक पंचमांश म्हणजे प्रत्येक आळीत कुणीतरी. मग युद्ध म्हणायचं की यादवी?

जुनी_वही
यादवी! माझं मत विचाराल तर तोच शब्द. ७ ऑक्टोबर १७८० ची किंग्ज माउंटनची लढाई बघा, दोन्हीकडे अमेरिकनच, खुद्द ब्रिटनहून आलेला म्हणावा तर जवळजवळ एकटा मेजर फर्ग्युसन आणि तोही तिथेच पडला. घराघरात तेच. बेंजामिन फ्रँकलिन स्वातंत्र्याच्या बाजूचा पुढारी, आणि त्याचा मुलगा विल्यम हा न्यू जर्सीचा राजाने नेमलेला गव्हर्नर, तो राजाकडेच राहिला, तुरुंगात गेला, आणि बापाने पुढे मृत्युपत्रात त्याला जवळजवळ काहीच ठेवलं नाही.

चिंचगूळ
उशिरा आलेय धाग्यावर. तुमच्या 'निष्ठा' या शब्दालाच माझी हरकत आहे. नोव्हेंबर १७७५ मध्ये व्हर्जिनियाचा गव्हर्नर लॉर्ड डनमोर याने जाहीर केलं की बंडखोरांचे जे गुलाम आमच्याकडून शस्त्र धरतील ते स्वतंत्र (फक्त बंडखोरांचे हं, राजाच्या माणसांचे गुलाम होते तसेच). हजारो लोक पळून इंग्रजांकडे गेले. त्यात हॅरी वॉशिंग्टन होता, जॉर्ज वॉशिंग्टनच्याच माउंट व्हर्नन या मळ्यावरचा गुलाम. १७८३ मध्ये न्यूयॉर्क सोडताना इंग्रजांनी अशा सुमारे ३००० जणांची नोंदवही केली, त्यात त्याचं नाव आहे, पुढे तो नोव्हा स्कॉशियाला आणि तिथून आफ्रिकेत सिएरा लिओनला गेला. आता हा हॅरी राजनिष्ठ? त्याला राजाशी काय देणंघेणं, त्याला सुटायचं होतं. इंग्रजांच्या आसऱ्याला गेलेला म्हणा फार तर. मूळनिवासींचंही तसंच, इरोक्वाय संघातले मोहॉक इंग्रजांबरोबर आणि ओनायडा अमेरिकनांबरोबर, जो तो आपली जमीन कशी वाचेल ते बघत होता.

जुनी_वही
हे पटलं. आणि 'लॉयलिस्ट' हा शब्द नंतर सरकारी कागदावरचाही झाला, कारण लंडनने नुकसानभरपाईसाठी कमिशन बसवलं आणि तिथे साक्षीपुरावे देऊन निष्ठा सिद्ध करावी लागायची. कॅनडात तर १७८९ ला त्यांच्या वंशजांनाही नावापुढे लावायला 'यू. ई.' (युनायटेड एम्पायर, म्हणजे अखंड साम्राज्य) अशी अक्षरं मिळाली. इतिहासकार माया जसानॉफ यांच्या हिशोबाने देश सोडून गेलेले साधारण ६०,०००, शिवाय त्यांनी बरोबर नेलेले १५,००० गुलाम. स्वातंत्र्य नको म्हणून गेले आणि गुलाम घेऊन गेले, आता याला शब्द शोधा.

उंबरठा
अवांतर: यॉर्कटाउनला १७८१ मध्ये हरलेला कॉर्नवॉलिस म्हणजे आपल्याकडे आलेला तोच ना? मग श्रीरंगपट्टणला टिपूविरुद्ध त्याच्याबरोबर हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन होते, ते कोण, राजनिष्ठ की फितूर? 😀

जुनी_वही
तोच. आणि ते दोस्त हो, प्रजा थोडीच होते त्याची.

पाटीपेन्सिल
सगळ्यांचे आभार. सध्या 'राजपक्षीय' धरतेय, निष्ठा मनात होती की नव्हती ते त्यात येत नाही, कुठली बाजू धरली एवढंच येतं. कमिशनच्या कागदांत मात्र 'राजनिष्ठ'च ठेवणार, कारण तिथे तो दावा आहे. हॅरीच्या परिच्छेदात दोन्ही नकोत, 'इंग्रजांच्या आसऱ्याला गेलेला' छान बसतंय. आता उरला पेट्रियट, देशभक्त लिहायला हात धजत नाहीये आणि बंडखोर लिहिलं की तिकीट नाकारलेला उमेदवार डोळ्यासमोर येतोय.

चिंचगूळ
'बंडवाले' लिहून बघा.