बी विंग ग्रुप: गच्चीवरची शिट्टी

बी-704 वैद्य वहिनी: आज परत दुपारी तीनला गच्चीवर शिट्ट्या. बाबांची अँजिओप्लास्टी झालीये हे सगळ्यांना माहितीये. मिटिंगमध्ये ठरलं होतं ना?

बी-302: गच्चीची किल्ली कोणाकडे आहे?

बी-201 लेले काका: वहिनी, ती बॉयलरच्या वाल्वची शिट्टी. नातवाचा प्रोजेक्ट आहे, क्लेमाँ आदेरचं एओल विमान. 1890 साली फ्रान्समध्ये वाफेच्या इंजिनावर माणसासकट जमिनीवरून उठलं, राइट बंधूंच्या 13 वर्षं आधी. वटवाघळासारखे पंख. बॉयलर स्पिरिटवर तापवायचा, आम्हीपण तेच करतोय.

वैद्य वहिनी: माझ्या डोक्यावर स्पिरिट पेटवताय???

बी-503: काका किती उंच उडालं ते

लेले काका: साधारण 20 सेंटिमीटर. अंतर 50 मीटर.

बी-503: 😂 आपली लिफ्ट पण मजल्यापासून तेवढीच वर थांबते

सेक्रेटरी: लिफ्टवर मेंटेनन्स थकवलेल्यांनी बोलू नये ही नम्र विनंती 🙏

बी-503: नाव घ्या की मग

बी-302: गच्चीची किल्ली कोणाकडे आहे?

बी-602: परदेशी कशाला जायचं, 1895 ला गिरगाव चौपाटीवर तळपदेंनी विमान उडवलं होतं, आपल्याच लोकांना आपलं कौतुक नसतं

लेले काका: तळपदेंबद्दल आदर आहेच, पण त्या उड्डाणाचा त्या काळातला ठोस पुरावा नाही आणि ते वाफेवरचं होतं असंही कोणी म्हणत नाही.

बी-602: पुरावा फक्त मराठी माणसाकडेच मागायचा. छान.

लेले काका: अहो आदेरलाही सोडलं नाही. 1897 ला लष्करासमोर त्याचं तिसरं यंत्र वाऱ्याने भरकटून मोडलं, 1906 मध्ये हा म्हणतो मी तेव्हा 300 मीटर उडालो होतो, मग 1910 ला सरकारी रिपोर्ट बाहेर आला, त्यात उड्डाणच नाही.

बी-503: म्हणजे आपल्या एजीएमचे मिनिट्स

सेक्रेटरी: टोमणे कळतात.

लेले काका: एओलचं इंजिन मात्र 20 हॉर्सपॉवरचं, वजनाला कमालीचं हलकं. घोडं अडलं ते वळवण्यात आणि तोल सांभाळण्यात. हायरम मॅक्सिम नावाच्या संशोधकाने तर इंग्लंडमध्ये 1894 ला वाफेवरच्या विमानाचं साडेतीन टनांचं धूड रुळावर पळवलं, वर उडू नये म्हणून लावलेला कठडाच तोडून उचललं गेलं. पुढच्या वर्षी ते करू.

सेक्रेटरी: साडेतीन टन? वॉटरप्रूफिंगचं बिल अजून द्यायचंय.

लेले काका: मॉडेल हो, मॉडेल.

वैद्य वहिनी: शिट्टीचं काय ते सांगा.

लेले काका: 1933 ला कॅलिफोर्नियात बेसलर बंधूंनी वाफेचं विमान खरंच नीट उडवलं, इतकं शांत की वैमानिकाचं बोलणं खालच्या लोकांना ऐकू यायचं.

वैद्य वहिनी: मग तेच बनवा ना काका!!

बी-302: गच्चीची किल्ली कोणाकडे आहे?

लेले काका: माझ्याकडे. सोमवारपासून. का हो?

बी-302: आमच्या कुरडयांवर गरम पाणी कोणी सांडलं ते बघायचं होतं