संत्र्याची फळगळ थांबत नाहीये, तातडीने मदत हवी

ऐरोलीचा_पोट्टा
मंडळी, मोर्शीला आमचा संत्र्याचा बगीचा आहे, बाबा बघतात, मी इथे ऐरोलीत नोकरीला. फळं जाम गळतायत, रोज सकाळी झाडाखाली सडा. व्यापाऱ्याने इसार दिलाय आणि आता तो भाव पाडायच्या गोष्टी करतोय. कृषी केंद्रवाला दर वेळी नवी बाटली देतो, फरक शून्य. कोणतं औषध मारायचं तेवढं सांगा प्लीज, लेक्चर नको.

कोलशेत_बागवान
बहार कोणता, उन्हाळ्याआधी फुललेला आंबिया की पावसाळ्यात फुललेला मृग? झाडं किती जुनी? कलम कोणत्या खुंटावर बांधलंय, जंबेरी की रंगपूर लिंबाच्या? पाणी साचतं का? आतापर्यंत काय काय मारलं? यातलं काहीच न सांगता औषध काय सांगणार, डोंबल?

ऐरोलीचा_पोट्टा
अहो सप्टेंबरात झाडावर मोठी फळं म्हणजे आंबियाच ना. बारा-तेरा वर्षांची झाडं, जंबेरीवरची. जमीन काळी. बाटल्यांची नावं बाबांना आठवत नाहीत.

वऱ्हाडी_ठाणेकर
काळी जमीन आणि हा पाऊस, मुळं गुदमरली असणार. आधी दोन ओळींमध्ये चर काढून पाणी बाहेर काढा. मग जिब्रेलिक ॲसिड (फळ झाडावर टिकवणारं संजीवक) 1.5 ग्रॅम + युरिया 1 किलो, 100 लिटर पाण्यात. जिब्रेलिक आधी थोड्या अल्कोहोलमध्ये विरघळवा, थेट पाण्यात टाकलं की पैसे वाया. खोडातून डिंक गळत असेल तर तो डिंक्या रोग, तिथे खरवडून बोर्डो पेस्ट (मोरचूद-चुन्याची) लावा. आमच्याकडे यानेच थांबली.

कोलशेत_बागवान
तुमच्याकडे थांबली म्हणून सगळीकडे तेच का? गळलेलं फळ बघितलंय का कुणी? टाचणीएवढं भोक, भोवती तपकिरी गोल डाग आणि दाबलं की रस येतो, असं आहे का?

घणसोली_ताई
माझ्या गॅलरीत कागदी लिंबाचं झाड आहे, फुलं येतात पण लिंबू धरत नाही. पानांवर पण कसले तरी नागमोडी चट्टे आहेत. काय करू?

वाशीकर७७
नागपुरी संत्रं हल्ली मिळतंच कुठे, इथे हातगाडीवर थंडीत किनू घेऊन नागपुरी म्हणून गळ्यात मारतात. साल घट्ट आणि बियाच बिया. किनू मूळ कॅलिफोर्नियातला, रिव्हरसाईडला फ्रॉस्ट म्हणून शास्त्रज्ञ होते त्यांनी 1915 मध्ये किंग आणि विलो लीफ या संत्र्याच्या दोन जातींचा संकर केला, 1935 मध्ये वाण बाहेर आला. पंजाबवाले त्यावर गब्बर झाले आणि आपण वरुड-मोर्शीला विदर्भाचा कॅलिफोर्निया म्हणत बसलो.

ऐरोलीचा_पोट्टा
किनूचं नंतर बघू हो. बाबांना विचारलं, भोक आहे. डाग पण आहे. कोलशेतवाले काका, काय आहे हे?

कोलशेत_बागवान
रसशोषक पतंग. रात्री येतो, सोंड खुपसतो, त्या भोकातून बुरशी शिरते आणि फळ गळतं. तुम्ही दिवसा फवारून तो मरणार कसा? त्याची अळी संत्र्यावर नसतेच, ती गुळवेल आणि वासनवेलीवर वाढते. कुंपणावर गुळवेल आहे का?

ऐरोलीचा_पोट्टा
आहे की! लॉकडाऊनमध्ये काकूंनी काढ्यासाठी मुद्दाम लावली, आता अख्खं कुंपण झाकलंय.

वऱ्हाडी_ठाणेकर
एका कुंपणाने काय होतंय, मोर्शीच्या वर सातपुड्याचं जंगल आहे, तिथे गुळवेल काय कमी आहे? पतंग लांबून उडत येतात. वेल उपटून मोकळे झालात तर पतंग थांबणार नाहीत, आणि माझं जिब्रेलिक सोडू नका, बिनभोकाची फळंही गळत असतील.

कोलशेत_बागवान
बरोबर आहे, फक्त वेल काढून भागणार नाही. पण काढाच. गळलेली फळं रोज वेचून पुरा, त्या वासाने पतंग आणखी येतात. संध्याकाळी ओला पाला जाळून धूर करा. आणि पसरट भांड्यात गूळ, सडक्या फळांचा रस, पाणी आणि थोडं मॅलेथिऑन कीटकनाशक असं आमिष ठेवा, वर बल्ब लावा. गुरं, कुत्री जाणार नाहीत अशा जागी.
@घणसोली_ताई, ती नागअळी आहे, चट्ट्याची पानं काढून टाका. आणि कुंडी केवढी आहे, ऊन किती तास येतं ते सांगा.

ऐरोलीचा_पोट्टा
धन्यवाद काका. दोन्ही करतो, चर पण आणि आमिष पण. व्यापारी उद्या येतोय, भोकाची फळं त्याच्यासमोरच वेचू का आधीच उचलून टाकू?

वाशीकर७७
आधीच.

वऱ्हाडी_ठाणेकर
समोर वेचा. नाहीतर आठवड्याने झाडं मोजायला येईल आणि दुप्पट पैसे कापेल.