काळ हळू करायची विद्या जपणारा संघ: यंत्र कधी चालवायचंच नाही तर विद्या टिकणार कशी?

निळीशाई
नमस्कार मंडळी, दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहितेय आणि मधेच अडकलेय. कथेत कारागिरांचा एक संघ आहे, पूर्वीच्या श्रेण्या असायच्या तसा, आणि ह्यांच्याकडे काळ हळू करणारं यंत्र बांधायची विद्या आहे. फार पूर्वी एकदा ते चालवलं तेव्हा एक अख्खं गाव मागे राहिलं, म्हणजे बाहेर चाळीस वर्षं गेली आणि आत एकच पावसाळा. तेव्हापासून नियम असा की विद्या पुढच्या पिढीला द्यायची पण यंत्र चालू करायचं नाही. आता तीनशे वर्षांनी ते चालवायची वेळ आलीये. मी तळघर, पोथ्या, शपथा सगळं लिहून बसलेय पण वाचताना माझं मलाच पटत नाहीये. एवढा काळ हात न लावता विद्या खरंच शिल्लक राहते का? खऱ्या जगात असं काही झालंय का, आणि नेमकं काय हातातून सुटतं?

कोपऱ्यातलंटेबल
झालंय की, आणि तुमच्या कथेला अगदी चिकटून बसेल असं झालंय. अमेरिकेच्या अण्वस्त्रांमधे फॉगबँक नावाचा एक पदार्थ वापरतात, तो नक्की काय आहे हे अजून गुप्तच आहे. १९८९ पर्यंत तो टेनेसीमधल्या ओक रिजला बनायचा, मग गरज संपली म्हणून कारखाना बंद केला. पुढे २००० नंतर जुन्या अस्त्रांची डागडुजी काढली तर तो पदार्थ परत पाहिजे झाला, आणि बघतात तर कृतीच्या नोंदी अपुऱ्या आणि ज्यांनी हाताने बनवला होता त्यातले बहुतेक सगळे निवृत्त झालेले किंवा सोडून गेलेले. नवीन कारखाना बांधला, नोंदी होत्या तशा पाळल्या, तरी माल बरोबर येईना. शेवटी कळलं की जुन्या कच्च्या मालात एक अशुद्धी असायची आणि पदार्थाचा गुण तिच्यामुळेच यायचा, नवीन पद्धतीत कच्चा माल जास्त स्वच्छ व्हायला लागला आणि ती निघून गेली. जुन्या लोकांना ह्याचा पत्ताच नव्हता, म्हणून ते लिहून ठेवायचा प्रश्नच नव्हता. तुमच्या संघाचं असंच करा, पोथी शाबूत आहे, एक अक्षर गेलेलं नाही, आणि तरी यंत्र चालत नाही.

पाठांतर
वरच्याशी अर्धाच सहमत. नुसत्या तोंडी परंपरेने सुद्धा केवढं टिकतं ते आपल्याकडे बघा. घनपाठात, म्हणजे वेद पाठ म्हणायच्या एका पद्धतीत, शब्द सरळ म्हणत नाहीत, एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन असे उलटसुलट गुंफून म्हणतात, त्यामुळे कुठे एक शब्द सटकला की लगेच अडखळायला होतं आणि शेजारी बसलेल्याला चूक कळते. लिहिण्यावर न विसंबता हे इतक्या पिढ्या चाललंय. संघाने यंत्राची कृती अशी पाठ केली तर ती बिघडणार नाही.

कोपऱ्यातलंटेबल
शब्द राहतील हो, त्याबद्दल वादच नाही. पण कुठल्या खाणीतलं तांबं, किती तापवायचं, हाताला कसं लागलं की थांबायचं, हे पाठ कसं करणार? त्याला करूनच बघावं लागतं. जपानमधे इसे म्हणून देवस्थान आहे तिथे दर वीस वर्षांनी शेजारच्या मोकळ्या जागेवर मुख्य मंदिर पूर्ण नवीन बांधतात, देवाची वस्त्रं, तलवारी सगळं नव्याने, पहिल्यांदा ६९० साली आणि शेवटचं २०१३ ला. वीस वर्षं म्हणजे एक सुतार तरुणपणी शिकतो आणि पुढच्या वेळी तोच शिकवायला उभा असतो. मधे लढायांच्या काळात शंभरावर वर्षं खंड पडलेला, तरी त्यांनी परत धरलं.

गोदाकाठ
ताई, मला दुसराच प्रश्न पडलाय, तुमचा संघ तीनशे वर्षं खातो काय? जी विद्या विकायची नाही तिच्यावर घरं चालत नाहीत. नाशिकला पांडवलेण्यात दहा नंबरच्या लेण्यात नहपान ह्या क्षत्रप राजाचा जावई उषवदात ह्याचा लेख आहे तो जरूर बघा. त्याने ३००० कार्षापण, म्हणजे तेव्हाची नाणी, गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेण्यांकडे ठेवले, २००० एकीकडे महिना एक टक्क्याने आणि १००० दुसरीकडे पाऊण टक्क्याने. मुद्दल कधीच परत मागायचं नाही, फक्त व्याज. २००० चं वर्षाचं व्याज होतं २४०, आणि लेण्यात पावसाळ्यात राहणाऱ्या वीस भिक्खूंना चिवरासाठी, म्हणजे अंगावरच्या वस्त्रासाठी, प्रत्येकी १२, हिशोब बरोब्बर जुळतो. म्हणजे ह्या श्रेण्या आपल्यानंतरही असणारच असा लोकांचा विश्वास होता, आणि तो कशावर, तर त्यांचा माग रोज चालत होता ह्यावर. तुमच्या संघाला असा रोजचा धंदा द्या.
आणि उलटं उदाहरण पण आहे. गुजरातेतल्या लाट भागातले रेशीम विणकर मंदसोरला येऊन राहिले, ४३६ च्या सुमारास त्यांच्या श्रेणीने सूर्यमंदिर बांधलं आणि ४७३ ला दुरुस्त केलं, त्याच लेखात आहे की त्यांच्यातले काही धनुर्विद्येत गेले, काही ज्योतिषाकडे. श्रेणी शाबूत, मंदिर शाबूत, पण मागावर सगळेच बसत नव्हते. मला हे वाचून फार लागतं, आणि तुमच्या कथेत हे यायला पाहिजे असं मनापासून वाटतं.

घटका_पळ
काळ हळू होणं हे तसं रोज घडतंच, फक्त फार थोडं. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं वेगामुळे दिवसाला साधारण ७ मायक्रोसेकंद मागे पडतात आणि वर गुरुत्वाकर्षण कमी म्हणून ४५ पुढे जातात, एकूण ३८ पुढे, आणि ते धरूनच त्यांची गती आधीच किंचित कमी लावून ठेवतात. मग तुमच्या संघाला मोठं यंत्र बंद ठेवून छोटं का चालवू देत नाही? हंड्याएवढं. घटिकापात्र माहितीच असेल, बुडाला भोक असलेली तांब्याची वाटी, पाण्यावर ठेवली की २४ मिनिटांत म्हणजे एका घटकेत बुडते, लग्नाचा मुहूर्त धरायला असायची. एक वाटी यंत्राच्या आत, एक बाहेर. आतली एक पळ म्हणजे २४ सेकंद उशिरा बुडाली की शिष्य पास. ह्यात मेख अशी की खाऱ्या पाण्याने भोकात क्षार धरला किंवा पाणी गार असलं तरी वाटी उशिरा बुडते, म्हणजे यंत्र मेलेलं असताना सुद्धा शिष्य पास होत राहतील आणि कोणाला पत्ता लागणार नाही.

निळीशाई
घटका_पळ, हे जबरदस्त आहे, तीनशे वर्षं परीक्षा चालू आणि मोजतायत फक्त विहिरीचं खारं पाणी! गोदाकाठ, घटिकापात्रं बनवून विकणं हाच त्यांचा धंदा ठेवते, म्हणजे तांब्यावरचा हात तरी खरा राहील. आता एकच अडलंय, हे पहिल्यांदा लक्षात कोणाच्या येईल?

गोदाकाठ
भोक साफ करणाऱ्याच्या. कधीतरी तो परीक्षेच्या आदल्या दिवशी चिंच लावून वाटी लख्ख घासेल आणि त्या वर्षी सगळे शिष्य नापास होतील.