मदत हवी आहे: निवडुंगाचं नाव शोधलं तर साप दिसतोय

अनघा_के
तातडीचं आहे. परवा नर्सरीतून निवडुंग आणला, चिठ्ठीवर 'एमोरियाय' लिहिलंय. आईने फोनवर ते नाव शोधलं तर सापाचे फोटो आले. तेव्हापासून ती मागच्या अंगणात पाऊल टाकत नाही. केवड्यात नाग असतो तसा यात हा असणार, म्हणते. परत करायची मुदत उद्यापर्यंतच आहे. चिठ्ठी चुकली आहे का? नक्की माहीत असेल त्यांनीच सांगा.

रानवेडा
राहता कुठे? आणि चिठ्ठीवर एकच शब्द आहे? शास्त्रीय नावात दोन असतात. पहिला लिहा, त्याशिवाय काही सांगता येणार नाही.

सर्पसखा
आधी सापापासून लांब व्हा. काठीने डिवचू नका, सर्पमित्राला बोलवा. चावला तर वर दोरी आवळून बांधू नका, थेट दवाखाना गाठा.

अनघा_के
अहो, साप दिसलेला नाही, फोनवर फोटो आलेत! नाव कोणीतरी बघा ना.

हेमंत_न
एका जीवाला एकच शास्त्रीय नाव, हा लिनियसपासूनचा नियम आहे. झाड आणि साप दोघांचं नाव एक असूच शकत नाही. चिठ्ठी चुकलीय, परत करा.

रानवेडा
हेमंतराव, नियम पूर्ण नावाला लागू आहे, दुसऱ्या शब्दाला नाही. शाळेच्या हजेरीपटात 'जोशी सुनील' आणि 'मोरे सुनील' असतात तसंच हे. दोन सुनील असले म्हणून एक खोटा ठरत नाही.

अनघा_के
चिठ्ठी पुन्हा पाहिली. पुसट अक्षरात आधी 'फेरोकॅक्टस' आहे. आम्ही टूसॉनला असतो, ॲरिझोनात.

रानवेडा
हे पहिल्यांदाच सांगायचं होतं. चिठ्ठी बरोबर आहे. फेरोकॅक्टस एमोरियाय हा तुमच्याच सोनोरन वाळवंटातला पिंपासारखा निवडुंग. साप म्हणजे पँथेरोफिस एमोरियाय. तो बिनविषारी आहे, उंदरांना विळखा घालून मारतो. टेक्सास, ओक्लाहोमा, कॅन्सासच्या माळांवर आढळतो.
दोन्ही नावं विल्यम एमोरी या अमेरिकन लष्करी अधिकाऱ्यावरून पडली. अमेरिका-मेक्सिको सीमेच्या मोजणीत तो होता. निवडुंगाचं वर्णन एंगेलमनने 1848 मध्ये केलं, सापाचं बेअर्ड आणि जिरार्ड यांनी 1853 मध्ये. पुढे दोघांचाही पहिला शब्द बदलला, एमोरी मात्र टिकला.

हेमंत_न
मान्य. पण पहिला शब्द तरी वेगळाच लागतो ना?

रानवेडा
तोही नाही. वनस्पती आणि प्राणी यांच्या नामकरणाच्या नियमावल्या स्वतंत्र आहेत. आपल्याकडे ज्याच्या काड्यांनी दात घासतात तो पीलू, म्हणजे मिसवाक, त्याची प्रजाती साल्वाडोरा. लिनियसने ती 1753 मध्ये छापली. बरोबर शंभर वर्षांनी बेअर्ड आणि जिरार्ड यांनी अमेरिकेतल्या सापांच्या एका प्रजातीला तेच नाव दिलं. दोन्ही आजही वैध आहेत.

कोकणकडा
लांब कशाला जाता? आपली धामण बघा. साप धामण आणि झाडही धामण. आमच्या आजोबांच्या कुऱ्हाडीचा दांडा धामणीचाच होता, चिवट लाकूड. लहानपणी 'धामण तोडून आणली' ऐकलं की मी घाबरायचो.

सर्पसखा
धामण बिनविषारी आहे, शेतातले उंदीर खाते. कृपया मारू नका.

कोकणकडा
मी झाडाबद्दल बोलतोय!

वाळवंट_फिनिक्स
अनघाताई, नावाचं सोडा. मी ॲरिझोनात अकरा वर्षं बाग करतोय. साप नावामुळे येत नाहीत, उंदरांमागे येतात. इथे पॅकरॅट नावाचा उंदीर काटक्या आणि निवडुंगाचे तुकडे गोळा करून ढीग रचतो. त्या ढिगात रॅटलस्नेक आसरा घेतात, आणि ते विषारी असतात. रोप खुशाल ठेवा, पण अंगणात असा ढीग आहे का ते बघा.

अनघा_के
सगळ्यांचे आभार. धामणीचं आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, आमच्या परड्यात होती की धामण. मग 'झाड की साप' असं मीच विचारलं, तर म्हणाली दोन्ही. रोप ठेवतेय. पण मागच्या कुंपणाला टेकून गुडघाभर उंचीचा काट्याकुट्यांचा ढीग आहे, आम्हाला वाटलं वाऱ्याने साचला. तेच का हे?

वाळवंट_फिनिक्स
ढिगाला खाली भोकं आहेत का? लांबून फोटो काढून टाका. हात घालू नका, काठीसुद्धा नाही.